प्रत आणि हक्क – लेखांक ५ : भिलाईत न लागणारा चित्रपट

मागच्या आठवड्यात थिएटरात मोबाइल लपवून चित्रीकरण करणाऱ्यांबद्दल लिहिलं. चित्रपटविषयक कायद्यातल्या २०२३च्या दुरुस्तीनं त्यांना किमान तीन महिने कैद आणि तीन लाखांचा दंड ठरवला आहे. त्यांचा कळवळा यावा असं त्यात काही नाही. आजचा माणूस वेगळा. तो भिलाईत सेक्टरातल्या क्वार्टरमध्ये राहतो, तिकिटाचे पैसे द्यायला तयार आहे, पण चित्रपट गावात लागतच नाही.

पोलाद कारखान्यासाठी इथे देशभरातून माणसं आली, त्यांत मराठी कुटुंबंही होती. हिंदी आणि छत्तीसगढी चित्रपटांना इथे पडदा मिळतो. मराठीसाठी बहुतेक वेळा नागपूर गाठायचं, म्हणजे अडीचशेच्या वर किलोमीटर. एवढ्यात पुण्याहून भाचा टेलिग्रामवर लिंक पाठवतो.

‘यात निर्मात्याचं काय गेलं?’ हा प्रश्न मी हसण्यावारी नेत नाही. जे तिकीट भिलाईत विकायला ठेवलंच नव्हतं, ते बुडालं कसं म्हणायचं? पण ती लिंक भिलाईपुरती राहत नाही. थिएटर दहा मिनिटांवर असलेल्या पुणेकराकडेही तीच पोचते, आणि तिथे मात्र तिकीट खरोखर बुडतं. लहान मराठी चित्रपटाला पहिल्या आठवड्यात गर्दी झाली नाही, तर दुसऱ्या आठवड्यात शो मिळणं मुश्कील. म्हणून माझ्या लेखी पाहणाऱ्या मामापेक्षा पुढे ढकलणारा भाचा जास्त दोषी.

मामालाही सरसकट सूट नाही. ‘मिळत नाही’ म्हणणाऱ्यांपैकी पुष्कळांना फक्त थांबवत नाही. दोन-तीन महिन्यांत तोच चित्रपट ओटीटीवर येणार असतो. परवडत नाही, ही तक्रार निराळी, आणि तिचं उत्तर बाजारानं एकदा दिलंही होतं. २००७च्या सुमारास मोझर बेअर कंपनीनं चित्रपटांची व्हीसीडी २८ रुपयांना आणि डीव्हीडी ३४ रुपयांना आणली, तेव्हा फुटपाथवरच्या नकली सीडीला किमतीतच स्पर्धक मिळाला.

उरतो तो कुठेच नसलेला चित्रपट: थिएटरातून उतरलेला, ओटीटीचा करार संपलेला, डीव्हीडी कधी निघालीच नाही असा. आपला १९५७चा कॉपीराइट कायदा ही अडचण ओळखतो, हे फारसं कुणाला ठाऊक नसतं. कलम ३१ म्हणतं, मालकाच्या नकारामुळे प्रसिद्ध झालेली कलाकृती लोकांपासून दूर राहिली, तर सक्तीचा परवाना मागता येतो. मात्र नुसती अनास्था पुरत नाही, रीतसर नकार लागतो. शिवाय हा मार्ग प्रदर्शन किंवा प्रकाशन करू पाहणाऱ्यासाठी आहे. घरी बसून एक चित्रपट पाहू इच्छिणाऱ्या निवृत्त फोरमननं वकील लावावा, अशी अपेक्षा कायदेमंडळालाही नसेल. त्यानं गुपचूप लिंकवरची प्रत पाहिली, तर मी त्याला चोर म्हणणार नाही. कायदा तितका उदार नाही.

पण कायद्यानं चित्रपटाला दिलेलं संरक्षणही कायमचं नाही, साठ वर्षांचं आहे. १९५३च्या ‘श्यामची आई’चं ते २०१३च्या अखेरीस संपलं. अशा चित्रपटांच्या प्रती आज कुणाच्या ताब्यात आहेत, ते पुढच्या लेखांकात.