नावाच्या अर्थाला दाखला हवा

बारशाला आत्या बाळाच्या कानात कुर्र करते तेव्हा नाव ठरलेलं असतं आणि अलीकडे त्याचा अर्थही ठरलेला असतो. निमंत्रणातच 'संस्कृत नाव, अर्थ अमुक' अशी ओळ येते. ही ओळ शोभेची वाटली तरी ते एक विधान आहे: अमुक भाषेत असा शब्द होता आणि त्याचा असा अर्थ होता. विधान केलं की दाखला द्यावा लागतो. सातबारा पाहिल्याशिवाय आपण जमिनीचा व्यवहार करत नाही. जन्मभर पुरणाऱ्या नावाचा अर्थ मात्र कुठल्याशा यादीत छापला आहे एवढ्यावर मान्य करतो. हिंगोली जिल्ह्यासारख्या अनेक भाषांची नावं नांदवणाऱ्या मुलखात ही तपासणी अधिकच गरजेची आहे. इथे चुकीच्या अर्थाबरोबर त्या नावामागचा इतिहासही पुसला जातो.

गेल्या काही वर्षांत घरोघरी पोचलेलं 'आरव' हे नाव घ्या. याद्यांमध्ये त्याचा अर्थ 'शांत' असा दिलेला असतो. संस्कृत कोश उघडला तर 'आरव' म्हणजे आवाज, ओरडा, गर्जना. 'रु' म्हणजे आवाज करणे, या धातूपासून 'रव' आणि 'आरव' हे दोन्ही शब्द झाले. कोश हाताशी नसला तरी मराठीच साक्ष देते: पहाटे कोंबडा आरवतो. 'अरव' म्हणजे निःशब्द. 'अ' आणि 'आ' यांच्या गल्लतीतून अर्थ उलटा झाला असावा. 'अद्विक'चा अर्थ 'अद्वितीय' म्हणून सांगतात, पण कोशात अद्वितीय आहे, अद्वैत आहे, अद्विक नाही. 'मायरा'ला संस्कृत ठरवून 'प्रिय' असा अर्थ जोडतात; या नावाचा युरोपातला माग मात्र फुल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीपर्यंत जातो. सोळाव्या शतकात त्याने आपल्या कवितांसाठी हे नाव घडवलं आणि त्या कविता त्याच्या मृत्यूनंतर १६३३ मध्ये छापल्या गेल्या. अशी नावं वाढण्यामागे एक ठोस कारण आहे. पत्रिकेत जन्मनक्षत्राच्या चरणावरून नावाचं पहिलं अक्षर ठरतं; त्यासाठीच्या अवकहडा चक्रात २७ नक्षत्रांचे प्रत्येकी चार चरण धरून १०८ अक्षरं येतात. आर्द्रेच्या वाट्याला 'ङ' आणि 'छ', हस्ताच्या वाट्याला 'ण' आणि 'ठ' अशी अक्षरं आहेत. त्यांपैकी काहींनी सुरू होणारे शब्द भाषेत जवळजवळ नाहीतच. अक्षर ठरलेलं, वेळ थोडा, नाव नवीन हवं आणि शिवाय ते संस्कृत वाटायला हवं. मग नाव आधी जुळवलं जातं आणि अर्थ मागून चिकटवला जातो.

हिंगोलीच्या मातीतली नावं पाहिली की 'सगळं संस्कृत' हा शिक्का किती अपुरा आहे ते कळतं. नर्सी हे संत नामदेवांचं (१२७०–१३५०) गाव म्हणून ओळखलं जातं. त्यांच्या चार मुलांची नावं परंपरेने नारा, विठा, गोंदा आणि महादा अशी सांगितली आहेत. केवळ संस्कृत कोशात शोधणाऱ्याला यांतलं एकही नीट उलगडणार नाही. नारायण, विठ्ठल, गोविंद आणि महादेव या नावांची ही घरगुती मराठी रूपं आहेत, जसा नामदेवांचा 'नामा'. औंढ्याच्या परिसरात नागनाथ, नागोराव ही नावं का रुजली याचं उत्तरही 'नाग म्हणजे साप' एवढ्यावर भागत नाही. ते तिथल्या नागनाथाच्या ज्योतिर्लिंगात आहे. १९४८ पर्यंत हा भाग निजामाच्या राज्यात होता. त्याच्याही आधीपासून मराठी घरांत दौलतराव, हैबतराव, गुलाबराव होतेच. 'दौलत' आणि 'हैबत' अरबीतून फारसीमार्गे आले. 'गुलाब'मध्ये फारसी 'गुल' म्हणजे फूल आणि 'आब' म्हणजे पाणी आहे. 'मिलिंद'समोर याद्या 'भुंगा' लिहितात. तो अर्थ संस्कृतात आहे. पण मराठवाड्यातल्या बौद्ध घरात हे नाव येतं ते 'मिलिंदपञ्ह' या पाली ग्रंथात भिक्षू नागसेनाला प्रश्न विचारणाऱ्या राजा मिलिंदावरून, म्हणजे मिनँडर या ग्रीक राजावरून. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी औरंगाबादला १९५० मध्ये सुरू केलेलं महाविद्यालय आज याच नावाने ओळखलं जातं. तिथे 'भुंगा' लिहिणं म्हणजे ते नाव ठेवण्यामागचा विचारच खोडणं. आणि 'समीर'? संस्कृतात वारा, अरबीत रात्रीच्या गप्पांचा सोबती. एकाच गल्लीतल्या दोन घरांत दोन्ही उत्तरं बरोबर असू शकतात. म्हणून शब्द कुठला याबरोबरच तो या घरात कुठून आला, हेही विचारावं लागतं.

यावर पहिला आक्षेप येतो: प्रत्येक नाव कधीतरी नवीनच होतं, मग कोशाची सक्ती कशाला? आक्षेप रास्त आहे. नवं नाव घडवायला कुणाचीच हरकत नसावी. हरकत आहे ती त्याला खोटी वंशावळ जोडण्याला. 'नाद आवडला म्हणून ठेवलं' हे प्रामाणिक उत्तर आहे आणि तेवढं पुरेसंही आहे. दुसरा आक्षेप असा की अर्थ कुणी विचारतच नाही. सातारा जिल्ह्यात २०११ मध्ये 'नकुशा' म्हणजे नको असलेली, अशा नावाच्या अडीचशेहून अधिक मुलींची नावं समारंभाने बदलण्यात आली. अर्थाचं ओझं नाव धारण करणाऱ्यालाच वाहावं लागतं, हे त्या मुलींनी दाखवून दिलं. उलट दगडू, धोंडू ही नावं आधीची मुलं दगावलेल्या घरात नव्या बाळाला दृष्ट लागू नये, ते दगडासारखं टिकावं म्हणून ठेवली जात. शब्दार्थ रुक्ष, हेतू मायेचा. या नावांना हसण्याआधी हे दोन थर वेगळे करावे लागतात आणि तेही तपासणीचंच काम आहे. तिसरा आक्षेप सश्रद्ध आई-वडिलांचा: पत्रिकेतलं अक्षर मोडायचं का? मोडायची गरज नाही. जन्मनाव पत्रिकेत राहतं आणि व्यवहाराचं नाव वेगळं असतं, ही सोय आपल्या परंपरेत आधीपासून आहे.

तपासणी अवघड नाही. संस्कृत शब्दासाठी आपटे किंवा मोनियर-विल्यम्स यांचा कोश, मराठीसाठी मोल्सवर्थ किंवा दाते-कर्वे यांचा 'महाराष्ट्र शब्दकोश', फारसी-अरबी वळणाच्या शब्दासाठी माधव जूलियन यांचा १९२५ चा 'फार्शी-मराठी कोश', पुराणातल्या व्यक्तीसाठी चित्रावशास्त्रींचा 'प्राचीन चरित्रकोश'. यांतले बरेचसे आता मोबाइलवरही पाहता येतात. वीस याद्यांत एकच अर्थ सापडला तर ते वीस पुरावे होत नाहीत, कारण याद्या एकमेकींवरूनच उतरवलेल्या असतात. जुन्या कोशातली एक नोंद त्यांच्याहून भारी. वेळही हाताशी आहे. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असली तरी बाळाचं नाव त्या नोंदीत वर्षभरात विनाशुल्क घालता येतं आणि पुढे विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. जन्मनोंदणीच्या कायद्यात १ ऑक्टोबर २०२३ पासून लागू झालेल्या दुरुस्तीनंतर जन्मलेल्या मुलांच्या शाळाप्रवेशापासून मतदारयादीपर्यंत हाच जन्मदाखला आधार ठरणार आहे. तेव्हा नाव लिहून देण्याआधी एक संध्याकाळ कोशासाठी काढावी आणि घरातल्या जुन्या माणसांना पणजोबा-पणजीची नावं कशावरून पडली ते विचारून लिहून ठेवावं. कोशात शब्दाचा अर्थ सापडेल. तो आपल्या घरात का आला, हे त्यांच्याशिवाय कुणी सांगणार नाही.