गव्हाच्या ब्रेडचे सारण: दम्माममधील सुट्टीचे जेवण, काही गैरसमज आणि वस्तुस्थिती

ब्रेडचे सारण भरून भाजलेली कोंबडी किंवा टर्की सौदी अरेबियातल्या दम्मामच्या परिसरात आली ती तेलाच्या मागोमाग. मार्च १९३८ मध्ये ‘दम्माम क्रमांक ७’ या विहिरीतून व्यापारी प्रमाणात तेल मिळू लागले, शेजारच्या दहरानमध्ये अमेरिकी कर्मचाऱ्यांची वसाहत वाढत गेली आणि नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारचे थँक्सगिव्हिंगचे जेवणही त्यांच्याबरोबर या किनाऱ्यावर पोहोचले. अरबी मेजवानीत भरलेले कोकरू आणि भरलेली कोंबडी आधीपासूनच होती, पण तिथे भरतात तो मसालेभात, सुकामेवा घातलेला. ब्रेडचे सारण गोव्यातल्या आणि वसईतल्या ख्रिस्ती घरांना नाताळमुळे परिचयाचे असते. दम्माम, खोबर, जुबैल इथल्या इतर मराठी घरांत मात्र ते ईदच्या लांब सुट्टीत, चार कुटुंबे एकत्र जमली की हौसेने केले जाते. अलीकडे त्यात पांढऱ्या पावाऐवजी अख्ख्या गव्हाचा ब्रेड घालायची पद्धत रुळते आहे. बदल चांगला आहे. पण ब्रेड बदलला म्हणजे सारण आपोआप पौष्टिक झाले, असे धरून चालल्यामुळे बाकीच्या गोष्टींकडे दुर्लक्ष होते.

पहिला घोटाळा खरेदीतच होतो. तपकिरी दिसतो तो ब्रेड अख्ख्या गव्हाचा, असे मानले जाते. प्रत्यक्षात तो रंग कॅरॅमलने, माल्टने किंवा काकवीनेही येतो. गव्हाच्या दाण्यात सुमारे ८३ टक्के भाग पिष्टाचा गर, १४ टक्क्यांच्या आसपास कोंडा आणि अडीच ते तीन टक्के अंकुर असतो. मैदा हा केवळ गराचा. तिन्ही भाग मूळ प्रमाणात असतील तरच पीठ अख्ख्या गव्हाचे. सौदी बेकऱ्यांत अशा ब्रेडला ‘खुब्ज बुर्र’ म्हणतात. ‘अस्मर’ एवढाच शब्द असेल तर तो रंगाबद्दल काही सांगतो, पिठाबद्दल नाही. पाकिटावरच्या घटकांच्या यादीत ‘दकीक कम्ह कामिल’ हे पहिले नाव असावे. यादी वजनाच्या उतरत्या क्रमाने छापलेली असते, त्यामुळे आधी पांढरे पीठ आणि मग ‘नुखाला’, म्हणजे कोंडा, असे लिहिले असेल तर तो कोंडा मिसळलेला मैद्याचा ब्रेड आहे. त्यात अंकुराचे तेल नसते आणि जीवनसत्त्व ई कमी असते.

दुसरा गैरसमज उष्मांकांचा. अख्ख्या गव्हाचा ब्रेड हलका असतो, म्हणून सारण दुप्पट वाढून घेतले तरी चालते, असे समजतात. १०० ग्रॅम ब्रेडमध्ये दोन्ही प्रकारांत साधारण २५० किलोकॅलरीच असतात. फरक तंतूंचा आहे: अख्ख्या गव्हाच्या ब्रेडमध्ये सहा ते सात ग्रॅम, पांढऱ्यात अडीचच्या आसपास. मॅग्नेशियम, जस्त आणि ब जीवनसत्त्वेही जास्त मिळतात. हा फायदा खरा आहे, पण त्याचा वजन कमी होण्याशी थेट संबंध नाही.

मधुमेह असलेल्या पाहुण्याला गव्हाचा ब्रेड बिनधास्त चालतो, हा समज त्याहून जोखमीचा. २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आंतरराष्ट्रीय तक्त्यांत पांढऱ्या ब्रेडचा ग्लायसेमिक निर्देशांक सरासरी ७५ आणि अख्ख्या गव्हाच्या ब्रेडचा ७४ दिला आहे. कोंडा असला तरी पीठ बारीक दळलेले असते, त्यामुळे त्यातले पिष्ट पोटात तितक्याच वेगाने पचते. दाणा जाडसर राहिला की चित्र बदलते. उकडून, वाळवून भरडलेल्या बल्गर गव्हाचा निर्देशांक ५० च्या आत आहे. दम्माममध्ये भरडलेला गहू ‘जरीश’ या नावाने कुठल्याही किराणा दुकानात मिळतो आणि त्याच नावाचा पदार्थ सौदी घरांत नेहमीचा आहे. ब्रेडचा तिसरा हिस्सा काढून त्या जागी शिजवलेला जरीश किंवा बल्गर घातला तर सारणाला दाताखाली येणारा कणीदारपणा येतो आणि मधुमेही माणसासाठी ते थोडे अधिक सोयीचे होते. तरीही वाढायचे ते बेतानेच. ग्लूटेन न चालणाऱ्या माणसाला मात्र हे दोन्ही वर्ज्य. कारण बल्गर आणि जरीशही गहूच आहेत.

ब्रेड कोणता, यावर अर्धे यश ठरते. घरात उरलेला गोल, पातळ, पोकळ अरबी खुब्ज सारणासाठी हमखास पुढे केला जातो. त्याला मऊ गाभा जवळजवळ नसतोच, दोन पातळ पापुद्रे असतात. रस्सा घातला की ते चिवट होतात आणि एकमेकांना चिकटून बसतात. तळून किंवा भाजून फत्तूश सॅलडमध्ये घालायला तो उत्तम, सारणात नाही. बेकऱ्यांत मिळणारा लांबट ‘सामोली’ बुर्र पिठाचा असेल तर सर्वांत योग्य, कारण त्याच्या गाभ्याला जाळी असते आणि चौकोनी तुकडे आकार धरून राहतात. घरी भारतीय कणकेचा ब्रेड केला तर तो दडस होतो. जात्यावरच्या किंवा चक्कीच्या दळणात पिष्टाचे कण जास्त फुटतात, पीठ पाणी जास्त पिते आणि कोंड्याच्या कडा ग्लूटेनची जाळी कापतात. सँडविचला हा दोष असला तरी सारणाला नाही. दडस ब्रेडचे तुकडे रस्सा पिऊनही मोडत नाहीत.

ब्रेड शिळा झाला म्हणजे वाळला, ही समजूत बऱ्याच स्वयंपाकघरांत आहे. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ झाँ-बातिस्त बुसिंगो यांनी १८५२ मध्येच दाखवून दिले होते की ओलावा जराही उडू न देता बंद ठेवलेला पावही शिळा होतो आणि सुमारे ६० अंशांपर्यंत तापवला की पुन्हा मऊ पडतो. शिळेपणा येतो तो पिष्टाचे रेणू थंड होताना पुन्हा रचनाबद्ध झाल्यामुळे. म्हणजे दोन दिवसांचा शिळा पाव कडक लागतो, पण त्याच्या आत पाणी तेवढेच असते. असा पाव रस्सा नीट शोषत नाही आणि सारणाचा लगदा होतो. सारणाला हवा तो खरोखर कोरडा ब्रेड.

इथे दम्मामची हवा आडवी येते. जून-जुलैत वायव्येकडून ‘शमाल’ हा वारा वाहतो तेव्हा हवा रखरखीत असते. ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये आखातावरून दमट वारा आला की काचांवर बाहेरून पाणी धरते. त्या दिवसांत ब्रेडचे तुकडे परातीत पसरून ओट्यावर ठेवले तर ते वाळण्याऐवजी नरम राहतात आणि दुसऱ्या दिवशी बुरशी दिसते. अख्ख्या गव्हाच्या ब्रेडमध्ये अंकुराचे तेल असते, ते उष्ण हवेत लवकर खवट होते, हा आणखी एक धोका. खात्रीचा मार्ग ओव्हनचा आहे. दोन सेंटिमीटरचे तुकडे एका थरात पसरून १३० अंशांवर चाळीस ते पन्नास मिनिटे ठेवावेत, मध्ये एकदा हलवावेत. गॅसच्या ओव्हनला खालून आच जास्त लागते, म्हणून ट्रे मधल्या कप्प्यात. एक तुकडा मोडून पाहावा. मध्यभागी दाबला जातो तोवर तो वाळलेला नाही. लगेच वापरायचे नसतील तर हे तुकडे फ्रीजरमध्ये ठेवावेत. फ्रिजच्या साध्या कप्प्यात ब्रेड ताजा राहतो ही समजूतही उलटी आहे, कारण पिष्टाची ती पुनर्रचना त्याच तापमानाला सर्वांत वेगाने होते.

रस्सा किती, याचा आकडा पाश्चात्त्य पाककृतींतून जसाच्या तसा उचलला की फसगत होते, कारण ते प्रमाण पांढऱ्या ब्रेडचे असते. कोंडा पाणी जास्त धरतो, पण हळूहळू. अर्धा किलो ब्रेडच्या वाळवलेल्या तुकड्यांना ५०० ते ६०० मिलीलिटर कोमट रस्सा लागतो. तो एकदम न ओतता आधी दोनतृतीयांश घालावा, झाकून पंधरा मिनिटे थांबावे आणि मग उरलेला अंदाजाने वाढवावा. मुठीत दाबल्यावर गोळा व्हावा, पण बोटांतून पाणी निथळू नये. कोरडे वाटले म्हणून घाईत आणखी ओतणे ही इथली सर्वांत सामान्य चूक, आणि ती ओव्हनमध्ये सुधारता येत नाही.

चवीबद्दलचे दोन समज एकमेकांत गुंतलेले आहेत. गव्हाचा ब्रेड कडवट लागतो, आणि डुकराच्या सॉसेजशिवाय सारणाला चव येत नाही. कोंड्यातल्या फिनॉलिक घटकांमुळे किंचित कडवटपणा असतो हे खरे. त्यावर उतारा म्हणजे गोडसर काहीतरी आणि मंद आचेवर वीस मिनिटे परतलेला भरपूर कांदा. अल-अहसाच्या बागांतला खलास खजूर यासाठी हाताशी आहे. दम्मामपासून दीड-दोन तासांवरचे हे मरूद्यान २०१८ पासून युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत आहे. सहा-सात खजूर बारीक चिरून, एक आंबट सफरचंद आणि सेलेरीच्या तीन-चार दांड्या घातल्या की कडवटपणा जाणवत नाही. सौदीत डुकराचे मांस निषिद्ध आहे. पण सॉसेजमधून सारणात जे येते ते मुळात मीठ, चरबी, मिरी आणि सेज. बारीक चिरून कोरडे होईपर्यंत परतलेले मशरूम किंवा कोंबडीचा खिमा ते काम चोख करतात. सेज इथे मिळत नाही असे म्हणतात, तेही खरे नाही. मसाले आणि वनौषधी विकणाऱ्या ‘अत्तारां’च्या दुकानांत चहासाठी ‘मरमिया’ नावाने विकली जाणारी वाळलेली पाने सेजचीच. तिचा वास उग्र असतो, एका चमच्यापेक्षा जास्त नको.

मराठी चवीसाठी मालवणी किंवा गोडा मसाला घालायचा मोह होतो, आणि अर्धा चमचा गोडा मसाला कांद्यासोबत खरोखर छान लागतो. मात्र अनेक घरगुती मसाल्यांत खसखस असते आणि सौदी अरेबियात खसखस आणण्यास बंदी आहे. गावाहून मसाला आणणाऱ्याने तो खसखशीविनाच कुटून घ्यावा. ही गोष्ट किरकोळ समजू नये. सौदीतले अमली पदार्थांचे कायदे कठोर आहेत.

मीठ हा सारणातला दुर्लक्षित भाग आहे. ब्रेडमध्ये ते असतेच. त्यावर चिकन क्यूबचा रस्सा घातला की हिशेब बिघडतो, कारण अशा क्यूबचा जवळजवळ निम्मा भाग मीठच असतो. जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा प्रौढाला दिवसाला पाच ग्रॅमपेक्षा कमी मिठाची आहे. हाडे, कांदा आणि मिरी उकळून केलेला बिनमिठाचा रस्सा वापरावा आणि मीठ शेवटी चाखून घालावे. स्निग्धतेसाठी अर्धा किलो ब्रेडला चार चमचे लोणी किंवा ऑलिव्ह तेल पुरते. मार्गारीनमधल्या ट्रान्स फॅटची जुनी भीती मात्र इथे बरीच कमी झाली आहे. अंशतः हायड्रोजनीकृत तेलांवर सौदीने २०२० मध्ये बंदी घातली आणि ट्रान्स फॅट हटवल्याबद्दल जागतिक आरोग्य संघटनेने जानेवारी २०२४ मध्ये ज्या पहिल्या पाच देशांना मान्यता दिली त्यांत तो आहे.

सर्वांत घातक गैरसमज पक्ष्याच्या पोटातल्या सारणाचा. कोंबडी शिजली म्हणजे आतले सारणही शिजले, असे गृहीत धरले जाते. उष्णता बाहेरून आत जाते, त्यामुळे पोटातला मधला भाग सर्वांत शेवटी तापतो. तोवर कच्च्या मांसाचा रस त्यात उतरलेला असतो आणि त्यात साल्मोनेला किंवा कँपिलोबॅक्टर हे जंतू असू शकतात. सारणाच्या अगदी मध्यभागी ७४ अंश सेल्सिअस झाले पाहिजे, आणि ते थर्मामीटर खुपसूनच कळते. वरच्या रंगावरून कळत नाही. भरायचेच असेल तर ओव्हनमध्ये घालण्याच्या क्षणी, सैल हाताने. आदल्या रात्री भरून फ्रिजमध्ये ठेवू नये. सौदी बाजारात कोंबड्या बहुधा ९०० ते १२०० ग्रॅमच्या असतात. एक किलोच्या कोंबडीत जेमतेम दीड कप सारण मावते, म्हणजे दहा माणसांसाठी तसाही वेगळा ट्रे लावावाच लागतो. मग सगळेच ट्रेमध्ये केलेले बरे: १८० अंशांवर झाकून तीस मिनिटे, उघडे पंधरा मिनिटे. वर खरपूस पापुद्रा येतो आणि शाकाहारी पाहुण्यांसाठी भाजीच्या रश्श्यातला दुसरा ट्रे सहज करता येतो. त्यात अंड्याऐवजी तीन चमचे पाण्यात भिजवलेली एक चमचा जवसाची पूड बांधणीला पुरते. हेच सारण ढोबळ्या मिरचीत किंवा टोमॅटोत भरले तरी जमते.

कोंबडी नळाखाली खळखळून धुतल्याने ती स्वच्छ होते, हीदेखील पिढीजात समजूत. जंतू मारते ती आच. धुताना उडणारे शिंतोडे ओटा आणि शेजारचे वाळवलेले ब्रेडचे तुकडे मात्र दूषित करतात. गोठवलेली टर्की, अरबीत ‘दीक रूमी’, ओट्यावर वितळू देऊ नये. फ्रिजमध्ये दर दोन-अडीच किलोला एक दिवस धरावा, म्हणजे पाच किलोची टर्की किमान दोन दिवस आधी खाली उतरवावी लागते.

शिजलेले सारण बाहेर किती वेळ टिकते, याचा नेहमीचा नियम दोन तासांचा आहे. हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एकच तास. वर्षाचे निम्म्याहून अधिक महिने दम्मामचे दुपारचे तापमान त्याहून जास्तच असते. त्यामुळे हाफ मून बेच्या किनाऱ्यावर डबे घेऊन जाणाऱ्यांनी गाडीच्या डिकीत सारण ठेवू नये. ते एकतर गरम पेटीत ६० अंशांच्या वर किंवा बर्फाच्या पेटीत पाच अंशांच्या खाली न्यावे. ‘एकदा नीट शिजवले, आता काय व्हायचे’ हा तर्क इथे लागू पडत नाही. क्लॉस्ट्रिडियम परफ्रिन्जेन्स या जिवाणूचे बीजाणू शिजवण्यातूनही वाचतात आणि मोठ्या पातेल्यात हळूहळू निवणाऱ्या सारणात वाढतात. उरलेले सारण कोंबडीच्या पोटातून लगेच काढून, दोन इंचांपेक्षा कमी जाडीच्या पसरट भांड्यात फ्रिजमध्ये ठेवावे आणि तीन ते चार दिवसांत संपवावे. पुन्हा गरम करताना दोन चमचे रस्सा शिंपडून, मध्यभागी ७४ अंश होईपर्यंत झाकून तापवावे, आणि एकदा गरम केलेले परत फ्रिजमध्ये ठेवू नये.