घरातला प्रश्न घरातच

वडिलांच्या तपासणीचा अहवाल, दुकानाची खतावणी, भावाभावांतील वाटणीचा तिढा. एके काळी या गोष्टी उंबरठ्याबाहेर जात नसत. आज त्या चॅटबॉटसमोर निःसंकोच मांडल्या जातात. ३० नोव्हेंबर २०२२ रोजी चॅटजीपीटी जगासमोर आला आणि अल्पावधीतच सल्ला विचारण्याची ही रीत घरोघरी रुळली. विचारलेला प्रश्न मात्र कंपनीच्या दूरच्या संगणकावर पोहोचतो. तेथे तो किती काळ राहील आणि पुढील मॉडेल घडविण्यासाठी वापरला जाईल काय, हे कंपनीच्या अटींवर व ग्राहकाने निवडलेल्या सेटिंगवर अवलंबून असते.

याला पर्याय आहे तो खुल्या मॉडेलांचा. २०२२ मध्ये एक हजाराहून अधिक संशोधकांच्या सहकार्यातून ‘ब्लूम’ हे भाषा-मॉडेल सिद्ध झाले. त्याला शिकविलेल्या ४६ भाषांत मराठीचाही समावेश होता. ते घरगुती संगणकाच्या आवाक्यातले नव्हते. पुढे सप्टेंबर २०२३ मध्ये पॅरिसच्या मिस्ट्रल कंपनीने लहान आकाराचे मॉडेल कोणासही उतरवून घेण्यास खुले केले. ऑगस्ट २०२५ मध्ये तर चॅटजीपीटीच्याच निर्मात्यांनी ‘जीपीटी-ओएसएस’ प्रसिद्ध केले. त्याची लहान आवृत्ती १६ जीबी मेमरीच्या संगणकावर चालू शकते.

‘ओलामा’ किंवा ‘एलएम स्टुडिओ’ यांसारखा विनामूल्य प्रोग्राम संगणकावर बसवावा आणि त्यातून मॉडेल एकदाच उतरवून घ्यावे. त्यानंतर इंटरनेट बंद करूनही संभाषण चालते. प्रश्न घराबाहेर जात नाही, याची याहून सोपी खातरजमा नाही.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. मॉडेल खुले असणे आणि संभाषण खासगी असणे या दोन भिन्न गोष्टी होत. जानेवारी २०२५ मध्ये गाजलेले चीनमधील ‘डीपसीक’ खुले आहे. परंतु त्याचे मोबाइल ॲप वापरल्यास माहिती चीनमधील सर्व्हरवर साठविली जाते. तेच मॉडेल स्वतःच्या संगणकावर चालविल्यास ती तेथे जात नाही. शिवाय ‘खुले’ म्हणविणारी बहुतेक मॉडेले कोणत्या मजकुरावर शिकली, हे त्यांचे निर्माते पूर्णपणे उघड करीत नाहीत.

मर्यादाही आहेत. लहान मॉडेलांची मराठी अनेकदा अडखळते, आणि चुकीचे उत्तरही ती आत्मविश्वासाने देतात. औषधाची मात्रा अथवा कराचा हिशेब त्यांच्यावर सोपवू नये. डॉक्टर आणि सनदी लेखापाल यांना पर्याय नाही.

म्हणून प्रत्येक कुटुंबाने एकत्र बसून एक साधा नियम ठरवावा. पाककृती, प्रवास, शाळेचा निबंध यांसाठी कोणताही चॅटबॉट चालेल. आजार, पैसा आणि नाती यांविषयी विचारायचेच असेल, तर ते घरच्या संगणकावर विचारावे, आणि त्यातही नावे गाळून. तिजोरीची किल्ली कोणाच्या हाती द्यावी याचा विवेक वडीलधाऱ्यांनी आजवर सांभाळला. तोच विवेक आता मुलांच्या हातातील मोबाइलपर्यंत पोहोचायला हवा.