भागाकारांतील शून्य

६१८ ला ६ नीं भागावयास सांगितलें असतां पुष्कळ मुलें १३ असें उत्तर लिहितात. घरांतील वडीलधारी मंडळी यास हयगय म्हणतात. आम्हांस तें पटत नाहीं. ‘भाग जात नाहीं, पुढचा आंकडा उतरवा’ एवढेंच ज्यास शिकविलें, त्यास रिकाम्या घरांत शून्य मांडावयाचें हें कसें उमजावें?

अशा वेळीं शंभराच्या ६ नोटा, दहाची १ आणि ८ सुटे रुपये मुलापुढें ठेवून ते सहा जणांस सारखे वांटावयास सांगावें. प्रत्येकास शंभराची एकेक नोट मिळते. दहाची नोट एकच. ती सहांत वांटतां येत नाहीं, म्हणून दशकाच्या घरांत शून्य. ती मोडली कीं सुटे रुपये १८ होतात व प्रत्येकाच्या वांट्यास ३ येतात. उत्तर १०३. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’तही (इ. स. ११५०) भागाकाराचा आरंभ मोठ्या स्थानापासूनच सांगितला आहे, वर उरलेलें मोडून खालच्या स्थानीं न्यावें, हेंच त्या रीतीचें मर्म होय.

शेवटीं १३ ला ६ नीं गुणावयास लावावें. ७८ पाहतांच मूल आपली चूक आपणच ओळखील. रागें भरण्याचें कारणच उरणार नाहीं.