पारा, चुना आणि मंडईतला सोंगाड्या

मी बालाघाटच्या एका शाळेत इंग्रजी शिकवत असताना अकरावीतल्या एका मुलीने निबंधात लिहिलं होतं की तिची ऐंशीच्या घरातली आजी ‘व्हिवेशस’ आहे. वही तपासणाऱ्या माझ्या सहकारी बाईंनी त्या शब्दाखाली लाल रेघ मारली. त्यांचं म्हणणं, हा शब्द तरुण, हसऱ्या, बोलक्या मुलीला लावतात, आजीला नाही. आजच्या वापरापुरतं ते खरं आहे. पण ‘व्हिवॅसिटी’ या त्याच्या नामाचा लॅटिन पूर्वज ‘व्हिवाक्स’ आधी म्हाताऱ्यांचाच होता. दीर्घायुषी, चिवट, सहजासहजी न मरणारा, असा त्याचा अर्थ. सतराव्या शतकातल्या इंग्रजीतही ‘व्हिवॅसिटी’ म्हणजे दीर्घायुष्य असा वापर सापडतो. फ्रेंचमध्ये थंडीत सुकून वसंतात पुन्हा फुटणाऱ्या बहुवर्षायु झाडाला अजूनही ‘व्हिव्हास’ म्हणतात. म्हणजे त्या पोरीची आजी शब्दाच्या मूळ घरातच राहत होती. मी लाल रेघ खोडली आणि स्टाफरूममध्ये दोन दिवस अबोला सहन केला.

रोमन कवी व्हर्जिलने हे विशेषण सांबरासारख्या शिंगाळ हरणाला लावलं आहे, कारण हरणं फार वर्षं जगतात अशी तेव्हाची समजूत. ते वाचलं की मला आमच्या जिल्ह्यातला बारशिंगा आठवतो. कान्हाचं जंगल मंडला आणि बालाघाट या दोन जिल्ह्यांत पसरलेलं आहे, आमच्या बाजूचं दार मुक्कीचं. कडक जमिनीवर राहणारा हा बारशिंगा १९७० मध्ये कान्हात अवघा ६६ उरला होता. शिकार, गवताळ कुरणांवरची शेती आणि गुरांची चराई, सगळ्यांनी मिळून त्याला संपवत आणलं होतं. मग कुरणं मोकळी केली, काही जनावरं कुंपणात ठेवून वाढवली, आणि आज तिथे बारशिंग्यांचे कळप कित्येक शेकड्यांत मोजावे लागतात. हिवाळ्यात पहाटे मुक्कीतून आत गेलात तर शिंगांना गवताचे झुबके अडकवून मिरवणारे नर दिसतील. माद्यांवर छाप पाडायची ती रीत. चिवटपणा आणि नखरा एकाच जनावरात पाहायचा असेल तर इथे यावं. व्हिवॅसिटीचे जुने-नवे दोन्ही अर्थ त्याच्या डोक्यावर असतात.

आता माझ्या आवडत्या गल्लीत शिरते. घाई असेल त्यांनी पुढची पानं चाळावीत.

विल्यम जोन्स यांनी १७८६ मध्ये कोलकात्यात भाषण करून संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन या एकाच कुळातल्या असल्याचं सांगितलं, हे आपण शाळेत पाठ केलेलं असतं. पण त्याची गंमत पुराव्यांत आहे. लॅटिन ‘व्हिवुस’, ग्रीक ‘बिओस’ आणि आपला ‘जीव’ ही एकाच आईची लेकरं. तोंडवळा इतका बदललेला की ओळख पटवावी लागते. त्यांचं चौथं भावंड इंग्रजीतच लपलेलं आहे, ते म्हणजे ‘क्विक’. आज त्याचा अर्थ जलद, पण मुळात तो शब्द म्हणजे जिवंत. म्हणूनच चर्चच्या जुन्या प्रार्थनेत ‘क्विक आणि डेड’ ही जोडी येते. पोटातलं बाळ आईला पहिल्यांदा हललेलं जाणवतं त्याला ‘क्विकनिंग’ म्हणतात. नखाखालचं कोवळं मांस हेही ‘क्विक’, तिथवर घाव गेला की आपल्याकडे जिव्हारी लागतं. आणि पारा? तो ‘क्विकसिल्व्हर’, जिवंत चांदी. लहानपणी फुटलेल्या थर्मामीटरमधला पारा फरशीवर सांडला की आम्ही त्याच्यामागे धावायचो. बोट लावलं की तो फुटणार, सरकणार, परत एक होणार. (विषारी असतो, हे तेव्हा कुणी सांगितलं नव्हतं.)

पाऱ्याहून माझी जास्त माया ‘क्विकलाइम’वर आहे. म्हणजे कळीचा चुना. चुनखडी सुमारे नऊशे अंशांवर भाजली की तिच्यातला कार्बन डाय-ऑक्साइड निघून जातो आणि पांढरा, कोरडा खडा उरतो. लॅटिनपासून इंग्रजीपर्यंत सगळे त्याला ‘जिवंत चुना’ म्हणत आले. का, ते दिवाळीच्या आधी आमच्या अंगणात दिसायचं. कटनीकडचा चुना पोत्यातून यायचा. वडील तो लोखंडी पिंपात ओतून वर बादलीभर पाणी घालायचे आणि आम्हाला ओरडून लांब उभं करायचे. क्षणभर काहीच नाही. मग आतून सुर्र असा आवाज, खडे तडकू लागायचे, पाणी खदखदायचं, वाफेचा लोट वर चढायचा आणि पिंपाची बाजू हात लावता येणार नाही इतकी तापायची. खाली जाळ नाही, काही नाही. निवल्यावर उरायचा तो शांत, मऊ लगदा, भिंतीला लावायचा. इंग्रजीत तो ‘स्लेक्ड’, आपल्याकडे विझवलेला. तहान भागली की चुना गप्प होतो. खड्याला जिवंत म्हणणाऱ्या माणसाने तो खडा हलताना पाहिला नव्हता. पाणी पडल्यावर तो जे उलट उत्तर देतो, ते पाहिलं होतं.

व्हिवॅसिटीची किल्ली मला इथे सापडते. ‘व्हायटॅलिटी’ एकट्यादुकट्याजवळ, झोपेतही असू शकते, ती प्रकृती आहे. व्हिवॅसिटीला समोर कुणीतरी लागतं. एखादीला व्हिवेशस म्हणतात तेव्हा ती धावते किंवा मोठ्याने हसते म्हणून नाही, तर तुम्ही टाकलेला चेंडू ती तत्काळ आणि तिरका परत मारते म्हणून. आवाज आणि वेग या दोन गोष्टी वजा केल्यावरही जे उरतं ते हेच, असं माझं मत. पुरुषांना हे विशेषण इंग्रजीत क्वचितच लावतात, ही त्या भाषेची खोड. तसाच वागणारा पुरुष ‘विटी’ ठरतो. बुद्धी त्याच्या खात्यात, खळखळाट तिच्या.

वेग वजा करा म्हणते त्याला संगीतातला आधार आहे. पाश्चात्त्य संगीताच्या कागदावर ‘व्हिवाचे’ ही सूचना दिसली की आज वादक भरभर वाजवतात. बीथोव्हेनच्या सातव्या सिम्फनीचा पहिला भाग संथ प्रस्तावनेनंतर व्हिवाचे होतो आणि अंगावर येतो. पण मोझार्टचे वडील लिओपोल्ड यांनी १७५६ मध्ये व्हायोलिनवर जे पुस्तक लिहिलं त्यात व्हिवाचेला जलद आणि संथ यांच्या मधली जागा दिली आहे. म्हणजे सांगायचं होतं ते स्वभावाविषयी, घड्याळाविषयी नाही. आपल्याकडचा विलंबित ख्यालही जिवंत असतो, आणि द्रुत लय कित्येकदा मेलेली असते. मैफलीला जाणाऱ्याला हे सांगायला नको.

आणखी एक अर्थ आहे, तो तत्त्वज्ञानातला. डेव्हिड ह्यूम यांनी १७३९–४० मध्ये आलेल्या आपल्या ग्रंथात व्हिवॅसिटीला मोठ्या कामावर लावलं. प्रत्यक्ष चटका आणि चटक्याची आठवण यांत फरक कोणता? ह्यूम म्हणतात, जोराचा आणि व्हिवॅसिटीचा. आठवण आणि निव्वळ कल्पना यांतला फरकही तोच, आठवणीला जास्त धार असते. एखाद्या गोष्टीवर विश्वास बसणं म्हणजे तरी काय, तर तिची कल्पना मनात जास्त जिवंत होणं. अठराव्या शतकातला हा स्कॉटिश गृहस्थ विश्वासाचं सगळं ओझं या एका शब्दाच्या खांद्यावर ठेवतो आणि शब्द ते पेलतो. पुढे टीकाकारांनी त्यांना पुष्कळ झोडपलं. खेळातल्या सोंगाने आपण रडतो म्हणून ते खरं मानतो का, असा साधा आक्षेप. त्याचं उत्तर मला पुस्तकात मिळालं नाही, मंडईत थोडंफार मिळालं.

त्याआधी कर्तव्य म्हणून दोन शब्द जिल्ह्याबद्दल. बालाघाट जिल्हा १८६७ मध्ये झाला, गावाचं जुनं नाव बूढा. वैनगंगा, भरवेलीचं मँगनीज, मलाजखंडचं तांबं, चिन्नोर तांदूळ. आधी नागपूरकर भोसले, मग मध्य प्रांत. १९५६ मध्ये विदर्भाचे आठ जिल्हे तिकडे मुंबई राज्यात गेले, आम्ही इकडे मध्य प्रदेशात राहिलो. शाळा हिंदी, घरात कुठे मराठी, कुठे पोवारी, लोधी, मरारी, बैहरकडे गोंडी. ग्रियर्सन यांच्या भाषासर्वेक्षणाच्या १९०५ च्या मराठी खंडात इथल्या मराठीची ‘मऱ्हेटी’ म्हणून वेगळी नोंद आहे. झालं.

मंडई म्हणजे इथली दिवाळीनंतरची जत्रा. गोंदिया, भंडारा आणि बालाघाटच्या गावागावांत तिचे दिवस ठरलेले, आज या गावाची, उद्या त्या. सासरी गेलेल्या लेकी येतात, पाहुण्यांनी घरं भरतात, सोयरिकी जमतात. दिवसा गुऱ्हाळातला ऊस, उकडलेले शिंगाडे, जिलेबी, फुगे, बांगड्या. रात्री खरी मंडई. कुठे नाटक, कुठे खडी गंमत, कुठे दंडार. डफ आणि ढोलकी सुरू झाली की गोधडी घेऊन आलेली म्हातारी माणसं सरसावून बसतात. दंडारीत बायकांची कामं परंपरेने पुरुषच करतात. कथेचा सांगाडा तेवढा ठरलेला, बोलणं बरंचसं जागच्या जागी.

वारासिवनीकडच्या एका गावात पाहिलेली दंडार सांगते. लग्नाचा प्रसंग होता. नवरी झालेला सोंगाड्या चाळिशीचा, मिशी ताजी उतरवलेली, लुगडं गुडघ्याच्या जरा वर. नवरदेव पुढे आला आणि नेमकी लाइट गेली. गच्च काळोख. पोरांनी शिट्ट्या सुरू केल्या, मागे कुणीतरी जनरेटरवाल्याच्या नावाने शंख केला. आता खेळ मोडणार असं वाटलं, तेवढ्यात अंधारातून नवरीचा लाडिक आवाज आला, “बरं झालं बाई! नवरा दिसला असता तर लगीन मोडलं असतं!” मांडव हसून कोसळला. मग ढोलकीवाल्याने अंधारातच ठेका धरला आणि ही बया सासूचं नाक, सासऱ्याचं टक्कल हातांनी चाचपत वर्णन करत राहिली. अखेर जनरेटर धडधडला, उजेड आला. तिने नवरदेवाकडे एकवार पाहिलं, किंचाळली आणि ओरडली, “घालवा रे ती लाइट!”

खेळ संपल्यावर पहाटे तो चहाच्या टपरीवर भेटला. लुगडं अजून अंगावर, हातात बिडी. मी विचारलं, “दादा, उद्याच्या मंडईत हे पुन्हा करणार का?” तो म्हणाला, “म्याडम, रोज लाइट जाते का?” पिंपातलं पाणी आणि चुना हेच, फक्त इथे पाणी म्हणजे गेलेली वीज. आणि ह्यूमवरच्या आक्षेपाचं म्हणाल, तर तिथे बसलेल्या कुणालाही तो पुरुष आहे हे माहीत नव्हतं असं नाही, तरीही माझ्या शेजारची बाई “अगं, नाही म्हण त्याला!” असं त्या नवरीला कळवळून सांगत होती. विश्वास आणि समज एकाच गोधडीत बसू शकतात.

हा गुण मराठीत कसा सांगायचा, असं मुलं विचारत. हिंदी माध्यमाची पोरं, ती आधी “चुलबुली लिख दें?” म्हणत, मग “जिंदादिल?” दोन्ही थोडे हुकतात. पहिला फार पोरकट, दुसरा फार दिलदार. मराठी इथे एका नामाने काम भागवत नाही, ती अक्षरांच्या द्विरुक्तीने नाद करते आणि वस्तूगणिक तो बदलते. पोर चुणचुणीत, चेहरा टवटवीत, चहा घेतल्यावर माणूस तरतरीत, संवाद चुरचुरीत, तारुण्य रसरशीत. यातला एक उचलून दुसऱ्याच्या जागी ठेवा, लगेच विनोद होतो. टवटवीत संवाद चालेल एखादे वेळी, पण चुरचुरीत चेहरा म्हटलं तर माणूस तळायला घेतलाय असं वाटेल. त्या सोंगाड्याला मी काय म्हणेन? हजरजबाबी. व्हिवॅसिटीच्या सर्वांत जवळचा शब्द मला तोच वाटतो, जरी कोशांत तो सहसा त्यासमोर नसतो. जोश म्हणू नये. तो फारसी शब्द मुळात उकळी आहे, आणि उकळीला खाली जाळ लागतो.

कोशकारांची अडचण मला समजते. मोल्सवर्थ यांचा मराठी-इंग्रजी कोश १८३१ मध्ये आला. उलट दिशेचा, इंग्रजी-मराठी कोश त्यांची प्रकृती बिघडून ते विलायतेला परतल्यामुळे टॉमस कँडी यांनी पुरा केला, तो १८४७ मध्ये. मराठीला विरामचिन्हं लावण्यात पुढाकार घेतला तेही हेच कँडी. पुढे मोल्सवर्थ परत आले आणि १८५७ ची दुसरी आवृत्ती केली, साठेक हजार शब्दांची. पण कोशाच्या रकान्यात शब्द एकटा उभा असतो, आणि व्हिवॅसिटीसारख्या शब्दाला एकटं उभं केलं की तो विझवलेला चुना होतो.

अलीकडे तर हा शब्दच मागे पडला आहे. त्याच्या खुर्चीवर ‘व्हायब्रंट’ येऊन बसलाय. गुजरातने २००३ मध्ये गुंतवणूकदारांच्या परिषदेला ते नाव दिलं, २०२२ च्या अर्थसंकल्पात सीमेवरच्या गावांसाठी ‘व्हायब्रंट व्हिलेजेस’ योजना आली, आणि आता प्रत्येक कॉलेजच्या माहितीपत्रकात ‘व्हायब्रंट कॅम्पस’ असतोच. लॅटिन ‘व्हिब्रारे’ म्हणजे हादरणं, थरथरणं. जनरेटरही तेच करतो. माझ्याकडे इंग्रजी सुधारून घ्यायला अजूनही अर्ज येतात. मागच्या आठवड्यात एका मुलीने स्वतःला त्यात ‘व्हायब्रंट’ म्हटलं होतं, मी ते काढून ‘व्हिवेशस’ घातलं. तिने पुन्हा ‘व्हायब्रंट’ करून पाठवलं आणि नोकरीही तिला मिळाली.