स्टीमच्या पलीकडचे गेम

निपाणीला मावशीकडे गेले, की रविवारी मिस्सा आटोपल्यावर मावसभाऊ हमखास विचारतो, "ताई, नवा गेम आणलीस काय?" त्याच्या जुन्या कॉम्प्युटरला मोठे गेम झेपत नाहीत, नेटही सारखं जातं. त्याच्यासाठी शोधता शोधता जे सापडलं, ते मित्रांनो, इथे सांगते.

पीसी गेम म्हणजे स्टीम, असं समीकरणच झालंय. पण तिथे आपण घेतो तो गेम नव्हे, वापरण्याचा परवाना. २०२४ पासून पैसे भरताना स्टीम स्वतःच तसं सांगतं. पोलंडच्या 'गॉग'वरही कायद्याने परवानाच मिळतो, पण इन्स्टॉलर उतरवून पेन ड्राइव्हवर ठेवता येतो. मग नेट नसलं तरी गेम चालतो. १९९४ चा कथाप्रधान 'बिनीथ अ स्टील स्काय' तिथे फुकट आहे.

२०१३ साली सुरू झालेल्या 'इच डॉट आयओ'वर एकट्यादुकट्याने केलेले छोटे गेम मिळतात. दुकानाचा वाटा किती, हे गेम करणाराच ठरवतो. गर्दी फार, म्हणून टॅग लावून शोधावं. इतिहास आवडत असेल तर 'झीरो एडी' बघा: मोफत, मुक्तस्रोत, आणि त्यात मौर्यसुद्धा आहेत.

आपल्या साहित्यवाल्यांसाठी खरी गंमत म्हणजे 'ट्वाइन'. या मोफत साधनात कोडिंग न येताही देवनागरीत लिहून गोष्टीला फाटे फोडता येतात. भावाला पुढच्या खेपेला असाच गेम द्यायचाय, आपल्या बोलीतला. पहिलाच प्रश्न: निपाणी स्टँडवरनं बेळगावची गाडी धरायची, की कोल्हापूरची?