बर्फातली शांतता आणि छातीतले दडपण

२०२३ च्या डिसेंबरात मी मुलीकडे स्वीडनला गेलो होतो. नाताळच्या सुट्टीत जावयांनी दालार्ना भागातल्या एका खेड्यात घर भाड्याने घेतले होते. तांबड्या रंगाची लाकडी घरे, खिडकीखिडकीत सात दिव्यांची कमान, छपरांवर हातभर बर्फ. दुपारी तीनच्या आत सूर्य मावळतो. मग त्या दिव्यांचा पिवळा उजेड बर्फावर पसरून राहतो.

पण खरे नवल तिथल्या शांततेचे. ताज्या, भुसभुशीत बर्फात हवेच्या असंख्य पोकळ्या असतात, त्या आवाज शोषून घेतात. समोरच्या अंगणात माणसे बोलताना दिसत, शब्द मात्र पोहोचत नसत.

२४ तारखेला रात्रीचे जेवण भारी झाले. खारवलेले मासे, बटाटे, वर तांदळाची खीर. (खिरीला नाही म्हणणे मला आजवर जमलेले नाही.) दहाच्या सुमारास ती शांतता पुन्हा अनुभवावी म्हणून चर्चच्या चढाने एकटाच निघालो. बाहेर उणे १४ अंश. शंभरेक पावलांवर छातीच्या मधोमध दडपण आले, जबडा दुखू लागला. चाळीस वर्षे पेशंटना बजावणारा मी मनात म्हणालो, "गॅस असेल." हाक मारली असती तरी त्या बर्फात कोणाला ऐकू गेली नसती.

थांबल्यावर कळ ओसरली. घरी येऊन गप्प बसलो. मुलीने मात्र ओळखले. "बाबा, एवढ्या थंडीत तुम्हाला घाम कसा?" तिने लगेच ११२ ला फोन लावला. हृदयाची एक रक्तवाहिनी बरीच अरुंद झालेली निघाली.

थंडीने रक्तवाहिन्या आकसतात, रक्तदाब चढतो. त्यात भरले पोट आणि चढण. २०१८ साली 'ब्रिटिश मेडिकल जर्नल'मध्ये स्वीडनमधल्या सुमारे २ लाख ८३ हजार हृदयविकाराच्या झटक्यांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. नाताळच्या आदल्या दिवशी झटक्याचे प्रमाण ३७ टक्क्यांनी जास्त, आणि तेही रात्री दहाच्या सुमारास सर्वाधिक! मधुमेही, हृदयरोगी आणि पंचाहत्तरीपुढच्या मंडळींना धोका अधिक.

वाचकहो, आपल्याकडे बर्फ नाही, पण पौषातली पहाट आणि लग्नाच्या पंगती आहेतच. जेवणानंतर तासभर तरी चढण टाळावी, पहाटे फिरताना कान व छाती झाकावी. चालताना छाती, जबडा किंवा डावा हात दुखला, तर दुखणे थांबले तरी त्याच दिवशी कार्डिओग्राम काढावा. थांबले नाही, तर १०८ ला फोन करावा. सोड्याची बाटली शोधत बसू नये. मी घरी आल्यावर तीच शोधत होतो.